मागे राहिलेला छायालेखक

१९५६ सालच्या नोव्हेंबर महिन्यात विल्मोश झिग्मोंद आणि लास्लो कोवाच हे दोन तरुण बुडापेस्टहून ऑस्ट्रियाच्या सरहद्दीकडे निघाले. त्यांच्यापाशी सुमारे ३०,००० फूट चित्रित फिल्म होती. सोव्हिएत रणगाड्यांनी उठाव चिरडला त्या दिवसांतले रस्ते आणि ढासळलेली घरे त्यांनी पिशवीत दडविलेल्या कॅमेऱ्याने टिपली होती. पुढे दोघेही अमेरिकेत पोहोचले. कोवाच यांनी ‘ईझी रायडर’ (१९६९) चित्रित केला. झिग्मोंद यांना ‘क्लोज एन्काउंटर्स ऑफ द थर्ड काइंड’ (१९७७) या चित्रपटासाठी ऑस्कर मिळाले. ही पलायनकथा चित्रपटाच्या अभ्यासकांना आता पाठ झाली आहे. त्या दोघांना प्रकाशाची बाराखडी शिकविणारा माणूस मात्र बुडापेस्टमध्येच राहिला. त्याच्याविषयी फारसे कोणी बोलत नाही.

ग्यॉर्गी इल्लेश हे त्यांचे नाव. जन्म १९१४ सालचा, एगर या गावचा. महायुद्धापूर्वीच ते चित्रपटव्यवसायात उमेदवारी करू लागले होते. १९४८ साली हंगेरीतील चित्रपटउद्योगाचे राष्ट्रीयीकरण झाले आणि त्यानंतर लवकरच नाट्य व चित्रपट अकादमीत छायालेखनाचा वर्ग त्यांच्याकडे आला. तो त्यांनी कित्येक दशके चालविला. शांदोर शारा, यानोश केंदे, लायोश कोल्ताई असे हंगेरियन पडद्याचे मोठे छायालेखक त्यांच्या हाताखाली घडले. विद्यार्थी त्यांना ‘पापी’ म्हणत. मराठी कानाला हा शब्द दचकवितो. हंगेरियन भाषेत तो बापासाठी किंवा वडीलधाऱ्या माणसासाठी वापरायचा लडिवाळ शब्द आहे.

शिक्षकाच्या कीर्तीत त्याचे स्वतःचे काम बुडून जाते, तसे इल्लेश यांचेही झाले. वस्तुतः दिग्दर्शक झोल्तान फाब्री यांच्या प्रौढ काळातील बहुतेक महत्त्वाच्या चित्रपटांमागे त्यांचीच नजर आहे. फेरेन्त्स शांता यांच्या कादंबरीवरून केलेला ‘हूस ओरा’ (वीस तास) १९६५ साली आला. एक पत्रकार खेड्यात येतो आणि एकेकाळचे मित्र असलेले शेतकरी एकमेकांचे वैरी कसे झाले, याचा शोध घेतो. जमीनवाटप, सक्ती, १९५६ चा उठाव हे सारे आठवणींच्या तुकड्यांतून, काळाचा क्रम मोडून पुढे येते. एखाद्या हौशी छायालेखकाने भूतकाळ धूसर करून टाकला असता. इल्लेश यांच्या काळ्यापांढऱ्या चित्रात खेड्यातील ऊन आणि माणसांच्या चेहऱ्यावरील रेघा आज आणि काल दोन्हीकडे सारख्याच कठोर दिसतात, आणि म्हणूनच काल संपला आहे असे प्रेक्षकाला म्हणता येत नाही. मॉस्को महोत्सवात या चित्रपटाला सर्वोच्च पारितोषिक मिळाले, तेही बोंदार्चुक यांच्या ‘युद्ध आणि शांती’बरोबर विभागून. ज्या देशाचे रणगाडे नऊ वर्षांपूर्वी बुडापेस्टच्या रस्त्यांवरून फिरले होते, त्याच देशाच्या राजधानीत! मोल्नार यांच्या लोकप्रिय बालकादंबरीवरील ‘अ पाल उत्साई फियूक’ (१९६८) हा चित्रपटही त्यांचाच. त्याला ऑस्करचे नामांकन लाभले. तो गोड आहे, चांगला आहे. परंतु इल्लेश यांची खरी कसोटी दुसरीकडे आहे.

ती कसोटी म्हणजे शांता यांच्याच कादंबरीवरील ‘अझ अतॉदिक पेचेत’ (पाचवी मुद्रा, १९७६). १९४४ सालचे बुडापेस्ट. सत्ता हंगेरियन नाझींच्या हाती. एका गुत्त्यात काही मित्र रोज रात्री जमतात. त्यांच्यातील घड्याळजी ग्युरित्सा एक कोडे घालतो : मेल्यावर पुन्हा जन्म घ्यायचा आहे, तुम्ही मनात किंतूही न येता क्रौर्य करणारा राजा होणार, की त्याचे सगळे अत्याचार सोसून ‘निदान मी तरी पापी नाही’ एवढ्याच समाधानावर जगणारा गुलाम? टेबलाशी येऊन बसलेला एक अनोळखी, जखमी सैनिक म्हणतो, मी गुलाम होईन. त्याच्यावर कोणाचा विश्वास बसत नाही. दुखावलेला तो माणूस सगळ्यांची चुगली करतो. हा चुगलखोर व्यवसायाने छायाचित्रकार आहे, ही गोष्ट कॅमेऱ्यामागील इल्लेश यांच्या ध्यानात आली नसेल असे मानणे कठीण.

चित्रपटाचा मोठा भाग म्हणजे टेबलाभोवती बसून बोलणारी माणसे. छायालेखकाला येथे दाखवायला निसर्ग नाही, गर्दी नाही. कोंदट तपकिरी उजेडात केवळ चेहरे आहेत, आणि बोलणाऱ्यापेक्षा ऐकणाऱ्याच्या चेहऱ्यावर अधिक काही घडत असते. पुढे सगळ्यांना पकडून नेतात. टांगून ठेवलेल्या एका मरणासन्न माणसाच्या थोबाडीत मारा, म्हणजे सुटाल, असे त्यांना सांगण्यात येते. बाकीच्यांचा हात उठत नाही. ग्युरित्सा मात्र थोबाडीत मारतो, कारण त्याच्या घरी मुले लपविलेली आहेत आणि तो परतला नाही तर ती मरतील. मग तो रस्त्याने घराकडे चालू लागतो आणि भोवतालच्या इमारती कोसळत जातात.

१९५६ नंतर सुमारे २,००,००० माणसे हंगेरी सोडून गेली. जे राहिले त्यांना काम सरकारच देणार होते, कच्ची फिल्मही सरकारचीच होती. इल्लेश यांच्या राहण्याचा आणि ग्युरित्साच्या त्या थपडेचा थेट संबंध जोडणे अन्यायाचे होईल. त्यांनी कोणाला मारल्याचे कोणी म्हटलेले नाही. तरी राहणाऱ्याचे ओझे या चित्रपटाइतके नेमके फार थोड्या ठिकाणी पडद्यावर आले आहे. जाणाऱ्यांचे धैर्य दिसते, त्याची कथा होते. राहणाऱ्याला दरवर्षी नवा वर्ग उघडावा लागतो, आणि भिंतीवर पडलेल्या खिडकीच्या उजेडाकडे नीट पाहा, असे वीस वर्षांच्या पोरांना पुन्हा पहिल्यापासून सांगावे लागते.

‘पाचवी मुद्रा’नंतर फाब्री यांच्याबरोबर त्यांनी ‘माग्यारोक’ (१९७८), ‘फाबियान बालिंत’ (१९८०) आणि ‘रेक्विएम’ (१९८२) केले. पैकी ‘माग्यारोक’लाही ऑस्करचे नामांकन मिळाले. २००६ च्या नोव्हेंबरात, ब्याण्णवावा वाढदिवस तोंडावर आलेला असताना, बुडापेस्टमध्येच ते वारले. कोवाच पुढच्याच वर्षी बेव्हर्ली हिल्समध्ये गेले, झिग्मोंद २०१६ च्या पहिल्या दिवशी कॅलिफोर्नियात.