समुद्र झाडणारी बोट

‘जालना, सोन्याचा पालना’ असं आमच्याकडं म्हणतात. पाळण्यातलं सोनं आता कुठं आहे ते ठाऊक नाही, पण लोखंड मात्र भरपूर! एमआयडीसीच्या रस्त्यानं गेलात, की भंगाराचे ढीगच्या ढीग दिसतात. क्रेनला टांगलेलं भलंमोठं विजेचं चुंबक खाली येतं आणि मोडकी पिंपं, वाकडे पत्रे पटापट त्याला चिकटतात. त्याच भंगाराचा भट्टीत रस होतो आणि रसाच्या सळया बनतात.

मित्रांनो, अशा गावच्या मुलांनी समुद्र कुठला बघितलेला? मोती तलाव हाच आमचा समुद्र! म्हणून डिसेंबर २०१६ मध्ये आम्ही शाळेची सहल मुंबईला न्यायचं ठरवलं. रात्री जालन्याला देवगिरी एक्सप्रेसमध्ये बसलो. चारशे किलोमीटरांहून जास्त प्रवास. सकाळी मुंबईत उतरलो आणि गेटवे ऑफ इंडियाहून घारापुरीच्या लाँचमध्ये चढलो.

लाँच निघाली आणि डाव्या हाताला नौदलाच्या गोदीतली राखाडी जहाजं दिसू लागली. मुलं ओरडायला लागली, ‘‘सर, ते बघा केवढं!’’ त्या मोठ्या जहाजांजवळ एक लहानशी बोट उभी होती. तिच्या कुशीवर ‘एम ६७’ असं लिहिलेलं होतं.

‘‘सर, ही एवढीशी बोट काय लढाई करणार?’’ सहावीतल्या एका मुलानं विचारलं.

मी म्हटलं, ‘‘ती झाडू मारते.’’

सगळे हसले. पण ते खरंच होतं! ती होती ‘आयएनएस कारवार’, म्हणजे माइनस्वीपर. ‘माइन’ म्हणजे पाणसुरुंग आणि ‘स्वीपर’ म्हणजे झाडणारा. युद्धात शत्रू बंदराच्या तोंडाशी पाण्यात गुपचूप सुरुंग पेरून ठेवतो. वरून काहीच दिसत नाही. जहाज आलं, की धडाम! म्हणून आधी या बोटीनं पुढं जायचं, वाट साफ करायची आणि मग बाकीच्यांनी मागून यायचं. आता सांगा, धीट कोण?

झाडायची रीतही मोठी गमतीची. काही सुरुंग तळाशी जड वजनाला साखळीनं बांधून पाण्यात तरंगत ठेवलेले असतात. बोट मागं लांब तारा ओढत नेते. त्या तारांना कात्र्या असतात. सुरुंगाची साखळी तुटली, की तो वर येतो आणि मग लांबूनच बंदुकीनं उडवतात.

दुसरे सुरुंग जास्त लबाड. ते तळाशी गप्प पडून राहतात आणि लोखंडी जहाज वरून गेलं, की फुटतात. त्यांना कसं कळतं? होकायंत्राजवळ कात्री न्या, सुई हलते ना? तसंच! मग त्यांना फसवायचं. बोट मागं एक लांब विजेची केबल सोडते आणि तिच्यातून जोराचा प्रवाह नेते. सुरुंगाला वाटतं, मोठं जहाजच आलं! बोट पुढं निघून गेलेली असते आणि सुरुंग मागं फुटतो. आवाजानं फुटणाऱ्या सुरुंगांसाठी तर मुद्दाम गोंगाट करणारं यंत्र ओढत नेतात.

‘‘पण सर, ही बोटपण लोखंडाचीच ना?’’ तोच मुलगा. आमच्या चुंबकाच्या गावचा!

प्रश्न अगदी बरोबर होता. १९५६ मध्ये भारतानं घेतलेल्या जुन्या ‘कारवार’चं अंग म्हणूनच लाकडाचं होतं. आम्ही बघितलेली नवी ‘कारवार’ सोव्हिएत संघात बांधलेली, १४ जुलै १९८६ ला नौदलात आलेली. ६१ मीटर लांब, म्हणजे कबड्डीची जवळजवळ पाच मैदानं एकापुढं एक! तिच्यासाठी चुंबकाकडं फार न ओढलं जाणारं खास पोलाद वापरलं होतं. घरातल्या स्टीलच्या भांड्यांना चुंबक लावून बघा. काही वाट्यांना ते चिकटतच नाही. पोलाद पोलादात असा फरक असतो.

अशा बारा बोटी भारतानं घेतल्या. त्यात आपल्या ‘रत्नागिरी’ आणि ‘कोकण’ या नावाच्याही होत्या.

तुम्ही म्हणाल, युद्ध समुद्रात, जालन्याला त्याचं काय? आमच्या भट्ट्यांना लागणारं काही भंगार परदेशातून जहाजानं न्हावाशेवा बंदरात येतं. मुंबईच्या समुद्राची ती वाट बंद पडली, तर चटका इथल्या मजुराच्या चुलीलाही बसेल. १९७१ च्या युद्धानंतर बांगलादेशातलं चितगाव बंदर असंच सुरुंगांनी अडवलेलं होतं. ते साफ करायला सोव्हिएत नौदलाला १९७४ साल उजाडलं. पेरायला थोडा वेळ, झाडायला वर्षं!

आमच्या सहलीनंतर पाचच महिन्यांनी, ९ मे २०१७ ला, ‘कारवार’ निवृत्त झाली. जूनमध्ये शाळा उघडल्यावर मी मुलांना ही बातमी सांगितली. आमच्या शाळेत वर्ग झाडायच्या पाळ्या ठरलेल्या असतात. तो मुलगा पटकन म्हणाला, ‘‘सर, मग आता समुद्र झाडायची पाळी कुणाची?’’

तेव्हा मी दुसऱ्या बोटींची नावं सांगितली. पण २०१८ मध्ये ‘कोकण’ गेली आणि १३ एप्रिल २०१९ ला शेवटची ‘कोझिकोड’ही निवृत्त झाली. त्यानंतर दुसऱ्या जहाजांवर यंत्रं बसवून नौदलानं काम भागवलं. नव्या बोटी घेण्याला सरकारनं जुलै २०२५ मध्ये तत्त्वतः मंजुरी दिली आहे. त्या बांधून व्हायला काही वर्षं लागतील.

तोवर तुम्हीही मोठे व्हाल. त्या बोटींचं पोलाद कुणीतरी घडवायचं आहे, यंत्रं कुणीतरी बनवायची आहेत आणि सगळ्यांच्या आधी पुढं जायला कुणीतरी हवंच आहे. आमच्या त्या मुलाचा प्रश्न मी आता तुमच्याकडं सोपवतो. सांगा बरं, पाळी कुणाची?