दुपारची उसनी झोप

मुंबईत पाहण्यासारखे काय, असे कोणी विचारले, की आपण गेटवे दाखवितो, राणीचा बाग दाखवितो. मी मात्र पाहुण्याला दुपारी दीडच्या सुमारास हॉर्निमन सर्कलच्या बागेत नेईन आणि हळूच सांगेन, "आवाज करू नका. मुंबई निजली आहे!"

ही जागा मूळची उलाढालीची. एके काळी येथल्या मोकळ्या मैदानात कापसाच्या गासड्यांचे ढीग असत. पुढे भोवतालच्या गोलाकार इमारती पुऱ्या झाल्या. मधोमध ही बाग. आधी नाव एल्फिन्स्टनचे होते. स्वातंत्र्यानंतर, १९१९ साली इंग्रज सरकारने हद्दपार केलेले 'बॉम्बे क्रॉनिकल'चे संपादक हॉर्निमन यांचे दिले गेले. लोकांना जागे करणाऱ्या संपादकाच्या नावाच्या बागेत लोकांनी डुलक्या घ्याव्यात, ही मोठी मौजच!

परवा एशियाटिकच्या पायऱ्या उतरून मी तेथल्या एका बाकावर टेकलो. शेजारच्या गृहस्थांनी रिकामा डबा पिशवीत घातला, पिशवीचा बंद मनगटाला गुंडाळला आणि विचारले, "दोनला पाच कमी असताना उठवाल का? बदलापूरहून येतो. पहाटे साडेचारला उठावे लागते."

मी मान हलवीपर्यंत त्यांची मान खाली गेलीसुद्धा!

ना ओळख, ना पाळख. बदलापूर येथून सुमारे ६८ किलोमीटर. जाऊन-येऊन तीन तास रोज गाडीत. ते तीन तास कचेरी सोडीत नाही, संसार सोडीत नाही. मग द्यावे लागतात ते झोपेने. तीच झोप हा भला माणूस एका परक्याच्या भरवशावर बाकावर वसूल करीत होता.

वेळ झाली. झोपेत त्यांच्या चेहऱ्यावरचा कारकून केव्हाच उतरला होता. उरले होते एक दमलेले पोर. वाटले, निजू द्यावे आणखी पाच मिनिटे. पण माझ्या दयेची ती पाच मिनिटे त्यांच्या नावावर मांडली गेली असती. मी खांद्याला हात लावला.

"साहेब, दोनला पाच."

ते दचकून उठले, हसले. "घरी रविवारीसुद्धा अशी लागत नाही हो," म्हणाले आणि झपझप निघून गेले.

दोन वाजले. दुसऱ्या कुठल्या कचेरीची सुट्टी झाली असावी. रिकाम्या जागी एक नवे गृहस्थ येऊन बसले, माझ्याकडे संकोचाने पाहू लागले.

मीच विचारले, "किती वाजता उठवू?"