दरडीआधीचं फुटेज

आपत्तीतून सावरणाऱ्या गावावर माहितीपट करताना सगळ्यात कमी उपयोगाला येतं ते आपत्तीच्याच दिवसांचं फुटेज, असं माझं ठाम मत झालं आहे. 22 जुलै 2021 च्या रात्री पाटण तालुक्यात आंबेघर, मिरगाव, ढोकावळे इथं दरडी कोसळल्या. त्या चोवीस तासांत महाबळेश्वरला सुमारे 594 मिलिमीटर पाऊस झाला होता. पुढचे काही दिवस आमच्या उंब्रजहून वाहिन्यांच्या गाड्या पाटणकडे वळत होत्या. चिखल, जेसीबी, हंबरडा सगळं टिपलं गेलं आणि गाड्या परत गेल्या.

माणसं सावरायला लागतात ती त्यानंतर. तलाठ्याकडे हेलपाटे, यादीत नाव आहे का ते बघणं, पत्र्याच्या शेडमधला उकाडा, गाडलेली भातखाचरं मोकळी करायची की सोडून द्यायची यावरून घरात धुमसणारा वाद. हे कॅमेऱ्यात यायचं तर तरव्याला, कापणीला, ग्रामसभेला जात राहावं लागतं. जपानमध्ये 2011 च्या त्सुनामीनंतर हामागुची र्युसुके आणि साकाई को यांनी वाचलेल्या माणसांना समोरासमोर बसवलं आणि आपसात बोलू दिलं. मी तीच रीत धरली. आम्ही विचारलं की लोक अर्ज दिल्यासारखं बोलतात. जावा-जावा एकमेकींशी बोलतात तेव्हा खरं बाहेर येतं.

पण मोरणा खोऱ्यातल्या एका वाडीसाठी सगळ्यात मोलाचं चित्रण निघालं ते लग्नाचं. दरडीच्या कितीतरी आधी उंब्रजच्या एका स्टुडिओवाल्यानं केलेलं. ते आम्ही शेडमध्ये लॅपटॉपवर लावलं. हळदीची गडबड, दारातला मांडव, मागं डोंगर. बायका आधी माणसं शोधत होत्या. गेलेली सासू पाटावर तांदूळ निवडताना दिसली तेव्हा सुनेनं चित्र थांबवायला लावलं, आणि बराच वेळ कुणी पुढं सरकवलं नाही. मग एक आजोबा स्क्रीनजवळ सरकले. 11 डिसेंबर 1967 च्या कोयना भूकंपात ते पोरसवदा होते. "ह्यो आंबा बघा. त्याच्या वरच्या अंगाला भेग हुती, भूकंपापासनं." एकानं पडवीचे खांब मोजले, पंचनाम्यात त्याचं घर एका खोलीचं लिहिलं गेलं होतं.

आम्ही एडिटिंगला बसण्याआधी ते सगळं चित्रण पेनड्राइव्हवर घरटी पोचवलं. फिल्म नंतर.

उंब्रज, पाटण, कराडच्या स्टुडिओंत अशा हार्ड डिस्क पडून आहेत. भरल्या की पुसतात आणि पुढच्या लग्नाला वापरतात. ज्या वाड्यांवरचा डोंगर आजही धोक्याचा आहे, तिथलं चित्रण तरी ग्रामपंचायतींनी मागून घ्यावं, त्याच्या प्रती गावाबाहेर ठेवाव्यात. स्टुडिओवाले नाही म्हणत नाहीत, मी विचारून पाहिलं आहे. तुळशीच्या लग्नानंतर हंगाम सुरू होईल, त्याआधी हे व्हायला हवं.