प्रतिशब्दांची पारख

पूर्वी आमच्या घरांतून मुलांकडून अमरकोश पाठ करवून घेत असत. पाण्याला त्यात जीवन, अमृत, वन अशी कितीतरी नावे आहेत. म्हणून काही तहान लागली असता कोणी तांब्याभर 'वन' मागत नाही! कोश शब्दांची पंगत मांडून देतो. कोणाला कोठे बसवावयाचे, हे लिहिणाराने ठरवावयाचे असते.

आमच्या पणजोबांची एक वही घरात जपून ठेवलेली आहे. १८९७ साली पुण्यात प्लेगाने कहर केला, त्या वेळची हकीकत आणि घरच्या माणसांच्या नोंदी तीत आहेत. परदेशी वाढणाऱ्या नातवंडांस ती वाचता यावी म्हणून आमच्या सूनबाईंनी ती सोप्या मराठीत उतरविण्याचे मनावर घेतले. 'सबब'च्या जागी 'म्हणून' आले, 'इसम' जाऊन 'मनुष्य' आला. अर्थास कोठे धक्का लागला नाही आणि वाचणाराची वाट सुकर झाली.

परंतु एका वाक्यापाशी आम्ही थबकलो. पणजोबांनी आपल्या बहिणीविषयी 'चौदावे वर्षी सोवळी केली' असे लिहिले आहे. नव्या प्रतीत 'चौदाव्या वर्षी विधवा झाली' असे उतरले होते. वस्तुतः तिचा पती ती नऊ वर्षांची असतानाच वारला, हे वहीतच मागे आलेले आहे. बालविधवा वयात येईपर्यंत तिचे केस राखण्याची चाल पुष्कळ घरांतून होती. पुढे तिला न्हाव्यापुढे बसवीत आणि तांबडे आलवण नेसवीत. आगरकरांनी 'सुधारका'त लेखणी झिजविली, ती याच केशवपनाविरुद्ध. 'विधवा झाली' यात दैवाने केले तेवढेच येते. 'सोवळी केली' यात घरच्यांनी काय केले, तेही येते. एका प्रतिशब्दाने मुलीची पाच वर्षे पुसली गेली आणि घरच्यांचा हातही झाकला गेला.

आमच्या वडील भगिनी म्हणाल्या, "झाकली मूठ राहू दे रे. मुलांना हे कशाला सांगायचे?" सूनबाईंची अडचण निराळी. "बाबा, सांगायला हवेच, पण मुलांना हा शब्द कळायचा कसा?"

दोन्ही प्रश्न खरे आहेत. परंतु शब्द कठीण आहे म्हणून बदलणे वेगळे, आणि तो बोचतो म्हणून बदलणे वेगळे. प्रतिशब्द योजताना तो मूळ वाक्यात बसवून पाहावा आणि विचारावे : केले कोणी, सोसले कोणी, हे आता पूर्वीइतकेच कळते ना? कळत असेल तर नवा शब्द खुशाल घ्यावा. न कळेल तर जुना ठेवून शेजारी दोन ओळी समजुतीच्या लिहाव्या.

सूनबाईंनी तसेच केले आहे. 'सोवळी' हा शब्द जागचा हलला नाही. त्याखाली त्याचा अर्थ साध्या मराठीत आला आहे. वडील भगिनींनी ते पान दोनदा वाचले आणि "राहू दे," एवढेच म्हणाल्या.