डावे रूळ, उजवे रूळ

डावीकडून धावणाऱ्या गाड्या उजवीकडून धावणाऱ्या जाळ्यात कशा सोडायच्या, हा प्रश्न गेला अख्खा पावसाळा माझ्या डोक्यात होता. 'फॅक्टोरिओ' हा कारखाना उभारायचा खेळ एकट्यानं खेळणाऱ्याला हा प्रश्न कधी पडत नाही. आपलं जग, आपले रूळ, आपली बाजू. आपल्याकडे रेल्वे डावीकडून जाते म्हणून मी सुरुवातीलाच डावी बाजू धरली आणि मग वर्षानुवर्षं तिच्यावरच हात बसला. माझा मित्र जर्मनीत राहतो. त्याचे रूळ उजवे.

त्याच्या जगात जायचं कारण माझं मनगट. उजव्या अंगठ्याच्या मुळाशी दुखणं येऊन बसलंय. रात्री उशिरापर्यंत माउस चालवला की सकाळी चहाचा कप उचलवत नाही. नवा कारखाना शून्यापासून एकटीनं रॉकेट सोडण्यापर्यंत न्यायचा, हे आता माझ्या हाताला झेपणार नाही हे कळून चुकलं होतं. त्याला सांगितलं तेव्हा तो म्हणाला, "अगं, मग माझ्याकडे ये ना. उत्तरेकडची लोखंडाची खाण पडून आहे, ती तू घे." कॉलेजात असताना आम्ही एकाच बाकावर बसायचो. तेव्हाही जर्नल तो पूर्ण करायचा आणि आकृत्या मी काढायचे.

या खेळात मित्राच्या सेशनमध्ये शिरणं हा प्रकार मला आजही थक्क करतो. प्रागच्या 'वूब सॉफ्टवेअर'नं २०१४ मध्ये मल्टिप्लेअर आणलं, तेव्हापासून त्यामागचं तत्त्व तेच आहे. इंटरनेटवरून कारखाना येत नाही. सुरुवातीला एकदा नकाशा उतरतो. त्यानंतर इकडून तिकडे जातं ते फक्त माणसांनी काय केलं तेवढंच: कोणी कुठे क्लिक केलं, कोणती कळ दाबली. बाकीचं सगळं, म्हणजे माल उचलणाऱ्या प्रत्येक यांत्रिक हाताचा (इन्सर्टरचा) हेलकावा, बेल्टवरची प्रत्येक पट्टी, झुडपात दडलेला प्रत्येक हल्लेखोर किडा (बायटर), हे दोघांचे संगणक आपापले मोजतात, सेकंदाला ६० वेळा, आणि दोघांचं उत्तर तंतोतंत एक यावं लागतं. दोघांच्या बेरजा सतत ताडून पाहिल्या जातात. कुठे तफावत निघाली की तुम्ही बाहेर, आणि नकाशा पुन्हा पहिल्यापासून उतरवायचा. नकाशा उतरेपर्यंत मित्राचा कारखाना थांबलेला नसतो. तेवढा पुढे गेलेला काळ माझा संगणक भरभर मोजून काढतो आणि त्याला गाठतो. माझं यंत्र जुनं आहे. ती हिरवी पट्टी पुढे सरकताना मी श्वास रोखून बसते. पण एकदा पोचले की त्याचा सगळा कारखाना माझ्याही टेबलावर चाललेला असतो, खराखुरा. इतर खेळांत सर्व्हर तुम्हाला दाखवील तेवढं तुम्ही बघता. इथे तुम्ही ते वाहता. मित्राची पंचवीस-तीस हजार यंत्रं माझ्या पंख्याची घरघर वाढवतात, आणि ती घरघर मला आवडते.

आत गेल्यावर आठवडाभर मी काहीच बांधलं नाही. नुसती हिंडले. दुसऱ्याचा कारखाना वाचणं हे बांधण्यापेक्षा अवघड काम आहे असं माझं ठाम मत झालंय, आणि ते फार थोड्या लोकांना जमतं. तांब्याचा एक बेल्ट मोकळ्या मैदानात विनाकारण वळसा घेऊन जायचा. मला वाटलं काहीतरी राहून गेलं असेल. मग कडेला दगड दिसले. तिथे आधी कडा होता. त्याच्याकडे तेव्हा कडा उडवायची स्फोटकं नव्हती, म्हणून त्यानं वळसा घेतला. पुढे कडा उडवला, वळसा राहिला. विजेचे खांब एका ठिकाणी दाटीनं, एका ठिकाणी विरळ. दाटी आहे तिथे तो घाबरलेला होता, बायटरांचे हल्ले तिकडून यायचे. हे असं सगळं दिसायला लागलं की माणूस बोलतोय असंच वाटतं. तो फोनवर इतकं कधी बोलत नाही.

तर रूळ.

गाडी आपल्या उजव्या हाताचा सिग्नल पाळते, हे खेळात पक्कं आहे. त्यामुळे उजव्या बाजूनं चालणाऱ्या दुहेरी मार्गाचे सिग्नल बाहेरच्या कडांना येतात, आणि डाव्या बाजूनं चालणाऱ्याचे मधोमध, दोन रुळांच्या आत. मला ती मधली रांग फार देखणी वाटते. नकाशा लांबून पाहिला तर एकच सरळ ओळ दिसते. पण माझा मार्ग त्याच्या मार्गाला नुसता जोडला तर माझ्या गाडीला सगळे सिग्नल चुकीच्या हाताला दिसतात आणि तिला रस्ताच सापडत नाही. ती जागच्या जागी उभी राहते. म्हणजे मध्ये कुठेतरी दोन्ही रुळांनी एकमेकांना छेदून बाजू बदलायला हवी.

छेदायचं म्हणजे एक फुली. कागदावर सोपी. आत येताना चेन सिग्नल (पुढची वाट मोकळी असेल तरच आत सोडणारा), बाहेर पडताना साधा सिग्नल, हे कोणीही सांगेल. पण फुलीवर एका वेळी एकच गाडी. समोरून येणारी थांबते, थांबलेली लोखंडानं भरलेली गाडी पुन्हा वेग घ्यायला कितीतरी वेळ घेते, तोवर मागे तिसरी येते. हे मी सोसलं असतं. खरी अडचण लांबीची होती. माझ्या गाड्या दोन इंजिनं आणि चार वॅगनी अशा, त्याच्या एक इंजिन आणि दोन वॅगनी. माझ्या गाडीला उभं राहायला साधारण ४२ चौकोन लागतात, त्याचे सिग्नल पंचवीस चौकोनांवर. फुलीपलीकडचा ब्लॉक, म्हणजे दोन सिग्नलांमधला टप्पा, मोकळा दिसला म्हणून माझी गाडी आत जायची, पुढच्या लाल सिग्नलला थांबायची, आणि तिचं शेपूट फुलीवर पडून राहायचं. त्या शेपटामुळे त्याची गाडी अडायची, त्याच्या गाडीमुळे आणखी एक, आणि फिरून शेवटची गाडी माझ्याच पुढच्या ब्लॉकमध्ये. सगळे एकमेकांची वाट बघत उभे.

उपाय ठाऊक होता: त्याचे एकाआड एक सिग्नल काढायचे. तो म्हणालाही, "काढ की, विचारतेस काय?" पण माझा हात पुढे होईना. एकटी खेळताना मी अख्खी स्टेशनं निर्विकारपणे पुसली आहेत. त्याचे सिग्नल काढायचे म्हणजे त्यानं मैलोन्‌मैल चालत जाऊन एकेक रोवलेली खूण काढायची, त्याच्याकडे बांधकाम करणारे रोबोट नव्हते त्या काळातली. मी फुली सरकवून पाहिली, दोन फुल्या मागेपुढे ठेवून पाहिल्या, मध्ये थांबायला चार समांतर रुळांची जागा केली. प्रत्येक वेळी थोडं बरं व्हायचं आणि मालाची मागणी वाढली की पुन्हा तुंबायचं. रात्री झोपताना डोळ्यांपुढे फुली यायची.

२०२४ च्या ऑक्टोबरात आलेल्या 'स्पेस एज' या विस्तारात उंचावरचे रूळ आहेत. एक मार्ग वरून, एक खालून, प्रश्न मिटला. तो म्हणाला दोघं घेऊ, दोघांकडे असल्याशिवाय एकत्र चालत नाही. मीच नको म्हटलं. उड्डाणपुलाला माझा विरोध नाही, पण सपाट जमिनीवर गाड्या न अडकता एकमेकींतून काढणं हीच तर या कामातली कारागिरी. हल्ली नवे खेळाडू दुसऱ्याच्या ब्ल्यूप्रिंटचं पुस्तक उतरवून घेतात, शंभर बाय शंभरचे एकसारखे चौक अंथरतात, प्रत्येक कोपऱ्यावर तेच जंक्शन, आणि रोबोट ते रातोरात उभं करतात. मोठं दिसतं, चालतंही. पण त्यातला सिग्नल तिथेच का आहे हे विचारलं तर सांगता येत नाही. मी स्वतः आता रोबोटांवर अवलंबून आहे, मनगटानं तो निर्णय घेतलाय. तरी आराखडा माझा असतो, एकेक रूळ मी विचार करून मांडलेला असतो, आणि त्यात फरक आहे असं मी मानते.

हा फरक लोकांना दिसावा अशीही माझी फार इच्छा असते, हेही सांगते. अनेकांनी मिळून खेळताना कोणत्याही वस्तूवर माउस नेला की ती शेवटची कोणी हाताळली त्याचं नाव दिसतं. मी ते वाचत हिंडते. माझ्या नावाचे सिग्नल, माझ्या नावाचे खांब. एकदा मित्रानं माझ्या भट्ट्यांच्या रांगेतले इन्सर्टर बदलले, तर त्या रांगेवर त्याचं नाव आलं, आणि मला दोन दिवस ते टोचत राहिलं. त्याचे ऑफिसातले दोघं शनिवारी खेळायला येतात. त्यातल्या एकानं चॅटवर विचारलं, उत्तरेकडचं यार्ड कोणी बांधलं? मित्र उत्तर टाईप करत असणार. मी त्याच्याआधी लिहिलं: मी.

ते यार्ड म्हणजेच अखेरीस सापडलेलं उत्तर, आणि ते मला सुचलं कारण मी बार्शीची आहे. बार्शी लाईट रेल्वे १८९७ साली सुरू झाली, रुळांमधलं अंतर अडीच फूट. कुर्डुवाडीला मुंबई-मद्रासची मोठी लाईन. छोटी गाडी मोठ्या रुळांवर जाऊच शकत नव्हती, त्यामुळे माल कुर्डुवाडीला उतरायचा आणि दुसऱ्या गाडीत चढायचा. आमचे आजोबा आडत्याकडे दिवाणजी होते, पोती मोजण्याच्या गोष्टी ते सांगायचे. आता ती लाईनही ब्रॉडगेज झाली. माझ्या मनात आलं, रूळ जुळतच नसतील तर जुळवायचे कशाला? माझी गाडी माझ्या बाजूनं यावी, त्याची त्याच्या बाजूनं, दोघी शेजारी उभ्या राहाव्यात, आणि फक्त माल या गाडीतून त्या गाडीत जावं. रूळ कुठेच एकमेकांना लागणार नाहीत. त्याचा एकही सिग्नल हलणार नाही.

पण इथेही एक गाठ होती. रूळ दोन-दोन चौकोनांच्या जाळीवर बसतात, म्हणून दोन रुळांमधली जागा नेहमी सम आकड्यात येते. इन्सर्टर, पेटी, इन्सर्टर यांना लागतात तीन चौकोन. दोनात मावत नाही, चारात एक फट राहते आणि त्या बाजूचा साधा इन्सर्टर पेटीपर्यंत पोचत नाही. शिवाय माझ्या चार वॅगनी सलग, त्याच्या दोन गाड्या एकामागे एक उभ्या केल्या तर मध्ये त्याचं इंजिन येतं, वॅगनीसमोर वॅगन येतच नाही. मी पेट्या सोडून दिल्या. चार चौकोनांत इन्सर्टर, जाणारा बेल्ट, वळून परत येणारा बेल्ट, इन्सर्टर. माझ्या वॅगनी पहिल्या बेल्टवर माल टाकतात, तो टोकाला जाऊन वळतो आणि परत येताना त्याचे इन्सर्टर त्याच्या वॅगनी कुठेही असोत, उचलून घेतात. चौथा चौकोन वाया जात होता तोच कामाला आला. हे जमलं त्या रात्री मी मित्राला उठवलं नाही, पण नकाशावर खूण करून ठेवली, जेणेकरून तो आल्याबरोबर आधी तिथेच जाईल.

नवं स्टेशन बांधलं की खेळ आपणहून एक नाव देतो. खेळ घडत असताना ज्यांनी पैसे लावले त्यांच्यापैकी कुणाचं तरी ते असतं, आणि मी सहसा ते तसंच ठेवते, त्यांचा तो मान आहे. या एका स्टेशनचं नाव मात्र मी बदललं. रोमन अक्षरांत कुर्डुवाडी. त्याच्या ऑफिसातल्या जर्मन मुलाला ते उच्चारता येत नाही. मी त्याला शिकवतेय.

आमच्याकडचा सर्वांत वेगवान निळा बेल्ट सेकंदाला ४५ नग वाहतो, त्याहून जास्त नाही. मित्रानं दिवाळीपर्यंत उत्पादन दुप्पट करायचं ठरवलंय, म्हणजे दुसरा फलाट हवा, आणि त्याला जागा आहे ती त्याच्या रुळांच्या दक्षिणेला, जिथे त्यानं सौर पॅनेलं मांडली आहेत. मी विचारलं. तो म्हणाला, "तूच उचल." या वेळी उचलली, सगळी, एकाच फटक्यात. त्यामुळे त्याच्या विजेचा हिशेब बिघडला. रात्री बायटरांना अडवणारे लेसर टरेट मंद पडू नयेत म्हणून ती पॅनेलं आता कुठे मांडायची यावर आमचं चाललंय. मला ती तळ्याच्या पलीकडे हवीत, म्हणजे पूर्वेला पुऱ्या गाडीची लांबी मोकळी राहते. त्याला अजून पटलेलं नाही.