मोजक्या रेषांचे शहर

युरोपच्या यात्रेला गेलेला आपला मनुष्य पॅरिस, रोम, व्हिएन्ना करून परततो. झाग्रेबची त्याला आठवणही होत नाही. क्रोएशियाची ही राजधानी. निळ्या ट्रामगाड्या, लाल कौले, आणि टेकडीवरच्या जुन्या वस्तीत नेणारी, रुळांवरून दोराने ओढली जाणारी एक इवलीशी गाडी. तिचा मार्ग अवघा ६६ मीटरांचा! जरा ऐसपैस बसावे, तो उतरायची वेळ. थोडक्यात मौज कशी साधावी हे या शहराला ठाऊक आहे. कार्टूनच्या जगात त्याचे नाव झाले तेही याच गुणामुळे.

पडद्यावर दर सेकंदाला २४ चौकटी सरकतात. दहा मिनिटांना १४,४००. एकेक चित्र दोन चौकटींना पुरवले तरी ७,२०० चित्रे हवीत! डिस्नेच्या पदरी चित्रकारांची फौज होती. युगोस्लाव्हियाच्या काळात, १९५६ साली, 'झाग्रेब फिल्म'ने कार्टूनचा विभाग काढला तेव्हा इथे पैशांची ओढाताणच. मग अंग स्थिर ठेवून नुसता हात हलवायचा, मागे देखाव्याऐवजी रंगाचा पट्टा द्यायचा, अशी काटकसर सुरू झाली. ही वाट अमेरिकेत 'युनायटेड प्रॉडक्शन्स ऑफ अमेरिका'च्या चित्रकारांनी आधीच चोखाळली होती. शब्दांऐवजी नुसते आवाज काढणाऱ्या पोराची त्यांची गोष्ट, 'जेराल्ड मॅकबॉइंग-बॉइंग', हिला १९५१ साली ऑस्कर मिळाले.

पण काटकसर निराळी आणि कंजुषी निराळी. डब्यांत जिन्नस थोडे असले म्हणजेच सुगरणीचा हात कळतो. पुढे टेलिव्हिजनसाठी याच युक्तीने स्वस्त कार्टूनांचे घाणे निघाले. झाग्रेबकरांनी मात्र तिचीच भाषा केली.

दुशान वुकोटिच यांचा 'सुरोगात' (१९६१) पाहावा. एक गृहस्थ समुद्रकिनारी येतो. तंबू, होडी, इतकेच काय, प्रेयसीही तो हवा भरून तयार करतो; नको झाले की बूच काढतो. माणसे, वस्तू, सारे चपटे, भूमितीतल्या आकृत्यांसारखे. डिस्नेच्या चित्रांचे वजन, त्यांचा गोलावा यांना देऊन चाललेच नसते. कारण या जगात हवेखेरीज काही नाही, हीच तर गोष्ट आहे! १९६२ साली या चित्रपटाने ऑस्कर पटकावले. अमेरिकी नसलेल्या कार्टूनला मिळालेले ते पहिलेच.

अखेरीस रस्त्यात एक खिळा पडलेला असतो, आणि त्या गृहस्थाचीही हवा जाते. हसता हसता आपण उगाच आपलाच दंड चाचपून पाहतो. एवढे करायला वुकोटिचना किती रेषा लागल्या? मोजून थोड्या.