मिरजेच्या वाटेवर : पडद्यावरच्या पहिल्या मायलेकी

साताऱ्याचं रेल्वे स्टेशन गावाबाहेर, माहुलीजवळ. तिथून कोरेगाव, रहिमतपूर, कराड, किर्लोस्करवाडी असं करत गाडी सांगलीला आणि लगेच मिरजेला पोचते. आम्ही निघालो होतो मीरासाहेबांच्या दर्ग्यात सलाम करायला. पण या भागात फिरताना नाटकाची आठवण निघतेच. रुळ मीटरगेजचे होते त्या काळात नाटक मंडळ्या गावोगाव हिंडत. पडदे, ट्रंका, पेटी-तबला आणि नटांची लहान मुलं, सगळा संसार बरोबर.

सांगलीत 1843 साली विष्णुदास भावे यांनी ‘सीतास्वयंवर’ केलं. मराठी रंगभूमीची सुरुवात तिथून मानतात. सीता मात्र पुरुषच होत असे, आणि पुढची कित्येक वर्षं तेच चालू राहिलं. सिनेमा आला तरी तेच. दादासाहेब फाळके यांच्या 1913 च्या ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये तारामती झाले ते साळुंके नावाचे पुरुष, उपाहारगृहात काम करणारे. फाळक्यांनी बाई शोधली नाही असं नाही, मिळाली नाही.

मिळाली ती त्याच वर्षी, ‘मोहिनी भस्मासुर’साठी, आणि एक नव्हे, दोन. दुर्गाबाई कामत पार्वती झाल्या आणि त्यांची मुलगी कमला मोहिनी. कमला तेव्हा अवघ्या तेरा वर्षांच्या आसपास. दुर्गाबाई नवऱ्यापासून वेगळ्या झालेल्या, पदरात मूल. तेव्हाच्या घरंदाज बाईला कमाईचे मार्ग किती होते? त्यांनी फिरती नाटक कंपनी धरली. लोकांनी नावं ठेवायची ती ठेवली. आज आपण ‘पहिली अभिनेत्री’ म्हणून कौतुकाने बोलतो, तेव्हा हे कौतुक कुणाच्या वाट्याला नव्हतं. पोट होतं आणि पोर होती.

कमलाबाईंचं लग्न रघुनाथराव गोखले यांच्याशी झालं. त्यांचा मुलगा चंद्रकांत 1921 साली जन्मला तो या मिरजेत. पुढे ऐन तारुण्यात कमलाबाईंना वैधव्य आलं आणि आईच्या वाट्याला आलेलं ओझं लेकीच्या डोक्यावर आलं. त्यांनीही रंगमंच सोडला नाही. सगळ्या बायकाच असलेल्या नाटक मंडळीत त्या पुरुषाच्या भूमिका करू लागल्या! पुरुष सीता होत होते, त्याची ही फिटंफाट म्हणावी. मिरजेच्या नाट्यगृहाला बालगंधर्वांचं नाव आहे, म्हणजे स्त्रीभूमिकेनेच अमर झालेल्या पुरुषाचं. ते योग्यच आहे. पण पुरुषभूमिका करून मुलं वाढवणाऱ्या बाईचं नाव आपल्यातल्या किती जणांना ठाऊक असेल?

दर्ग्याच्या आवारात उस्ताद अब्दुल करीम खाँसाहेबांची कबर आहे. उरुसात चिंचेच्या झाडाखाली आजही त्यांच्या आठवणीची मैफल होते. त्यांची आणि ताराबाई माने यांची मुलगी हिराबाई बडोदेकर, जन्म मिरजेचाच, 1905 चा. आई-वडील वेगळे झाल्यावर मुलं आईकडे राहिली. हिराबाईंनी जाहीर मैफली केल्या, नाटकात कामं केली. कमलाबाईंचा दुसरा मुलगा लालजी तबला शिकला तो उस्ताद अहमदजान थिरकवा यांच्याकडे. सतारमेकर गल्लीत भोपळ्याला तारा चढवणाऱ्या कारागिरांकडे पाहताना हे धागे कुणाला वेगळे काढता येतील असं वाटत नाही.

मुंबईत आपल्या समाजातल्या फातिमा बेगम यांचीही गोष्ट फार वेगळी नाही. त्या उर्दू रंगभूमीवरून मूकपटात आल्या, 1926 साली स्वतःची कंपनी काढली आणि ‘बुलबुल-ए-परिस्तान’चं दिग्दर्शन केलं. भारतातली पहिली स्त्री दिग्दर्शक ती हीच. सुलताना, जुबैदा आणि शहजादी या तिन्ही मुलींना त्यांनी पडद्यावर आणलं. 1931 मध्ये ‘आलम आरा’त पडदा बोलू लागला, तेव्हा नायिका होती जुबैदा. मूकपटात चेहरा पुरे होता, आता जबान लागली. उर्दू शिकवणाऱ्यांना याचा थोडा अभिमान वाटला तर माफ करावं.

आपल्याकडे आजही शाळेच्या स्नेहसंमेलनात मुलगी उभी राहणार म्हटलं की घरात आवाज चढतो. पडदा, अब्रू, लोक काय म्हणतील. यातल्या काही चिंता खऱ्या आहेत. सिनेमातलं सगळंच भलं असतं असं आमचं म्हणणं नाही. पण ज्या बायकांना बेशरम म्हटलं गेलं, त्यांच्या घरी चूल कशी पेटत होती हे विचारायला कुणी गेलं नव्हतं.

दुर्गाबाईंच्या घरात नंतर अभिनय पिढ्यान्‌पिढ्या राहिला : मुलगी कमलाबाई, नातू चंद्रकांत, पणतू विक्रम गोखले. चंद्रकांत गोखले अपंग जवानांसाठी देणगी देत, हेही अनेकांना आठवत असेल. कमलाबाईंवर रीना मोहन यांनी माहितीपट केला आहे. त्यात नव्वदीच्या घरातल्या कमलाबाई दिसतात. मिळाला तर घरातल्या मुलींना बरोबर घेऊन पाहा, आणि त्यांच्या वडिलांनाही.